औसा नव्हे, किल्लारी

युरोपच्या सहलीत एक दिवस मोकळा असतो. त्या दिवशी सहलवाले सकाळी पुरी-भाजी खाऊ घालतात आणि हॉटेलच्या दारात सोडून देतात. आमच्या बसमध्ये लातूर, नांदेड, परभणीकडची मंडळी होती; निम्मे डॉक्टर आणि उरलेले डॉक्टरांचे आईबाप. म्युनिकमधल्या त्या मोकळ्या दिवशी सगळी बस शहराबाहेरच्या एका स्वस्त कपड्यांच्या बाजाराकडे निघाली होती. मीही पर्स काखेत मारून रांगेत उभी राहिले. लातूरच्या ज्या क्लासमध्ये मी बायॉलॉजी शिकवते, तिथल्या मैत्रिणींनी अत्तरांची यादीच तोंडपाठ करून घेतली होती माझ्याकडून.

"तू कुठं चाललीस?" नवऱ्यानं मागून विचारलं.

"सगळे चाललेत तिकडंच."

"आपण न्हाई. आपलं वेगळं बुकिंग हाय. खाजगी गाईड. फक्त आपण दोघं."

मला क्षणभर बरं वाटलं. एखादा राजवाडा असेल, तळं असेल, बोटीतून हिंडायचं असेल. मग त्यानं मोबाईल पुढं केला आणि माझं बरं वाटणं तिथंच संपलं. म्युनिकजवळच्या एका गावात नाझींची छळछावणी होती. ज्यू लोकांना, विरोधकांना, त्यांना नको असलेल्या कितीतरी माणसांना तिथं कोंडलं, राबवलं, मारलं. आता तिथं स्मारक आहे. आमचं बुकिंग तिथलं होतं.

नवरा नांदेडचा, बँकेत अधिकारी. दिवसभर कर्जाच्या फायली बघतो आणि रात्री जेवण झालं की दुसरं महायुद्ध लढतो. कुठल्या रणगाड्याचं पोलाद किती जाड, कुठला सेनापती कुठल्या नदीशी अडला, सगळं त्याला पाठ. आमच्या घरी चॅनेल बदलायचं तर आधी शस्त्रसंधी करावी लागते.

"सुट्टी काढून कुणी असलं बघायला जातं का हो?" मी म्हणाले.

"असलं म्हणजे? इतिहास हाय तो. अन् कपडे काय, आपल्या गंजगोलाईच्या बाजारात मिळत न्हाईत का?"

मी चिडले होते. पण बस निघून गेली होती.

गाईड स्टेशनवर भेटली. साठी ओलांडलेली बाई, पांढरे केस पोरासारखे कापलेले, पायात चालायचे दणकट बूट, पाठीवर पिशवी. निवृत्त शिक्षिका, फ्रेंच शिकवायची. हात इतका घट्ट दाबला की माझ्या बांगड्या वाजल्या. तिचं इंग्रजी सावकाश होतं, आमचंही तसंच, त्यामुळे आमचं छान जमलं. गाडीत समोरासमोर बसल्यावर तिनं विचारलं, "तुम्ही भारतात कुठले?"

नवरा सुरूच झाला. तो नांदेडचा, शिखांचं मोठं तीर्थ आहे तिथं, गोदावरी आहे. राहतो लातूरला. लातूर म्हणजे क्लासेसचं शहर. भोकर, मुदखेड, उदगीर, कुठून कुठून पोरं येतात डॉक्टर व्हायला. एकेका खोलीत चार-चार पोरं, गल्लोगल्ली मेसचे डबे, भिंतींवर पहिल्या आलेल्यांचे फोटो. "अन् माझी बायको त्यांना बेडकाचं हृदय शिकवते," तो म्हणाला. गाईड मनापासून हसली.

"आणि तुम्ही? तुम्हीही लातूरच्या?"

"औसा," मी म्हणाले. "लातूरजवळच आहे."

नवऱ्यानं माझ्याकडे बघितलं.

हे औशाचं सांगायला हवं. मी औशाची नाही. मी किल्लारीची. औसा आमचा तालुका. गणपती विसर्जनानंतरच्या पहाटे भूकंपात गाव पडलं तेव्हा मी तिसरीत होते. आईबाप वाचले, मी वाचले. माझ्याहून मोठी बहीण होती, ती गेली. पुढं काही वर्षं पत्र्याच्या शेडमध्ये काढली आणि नंतर नव्या गावात आम्हाला घर मिळालं. अकरावीला मी लातूरच्या होस्टेलवर आले. पहिल्याच दिवशी मेसच्या काकूंनी विचारलं, "कुठली गं तू?" मी म्हणाले, "किल्लारी." लांबलचक पंगत होती, पोरी खिदळत होत्या, सगळ्या एकदम गप्प झाल्या. काकूंनी माझ्या ताटात न मागता आणखी वरण ओतलं आणि म्हणाल्या, "खा गं माय, खा." ते वरण मला संपेना. वर्षभर मी त्या होस्टेलात 'ती किल्लारीची' होते. चाचणीत मार्क कमी पडले की सर ओरडायचे नाहीत, डोक्यावरून हात फिरवायचे. पुढं नांदेडला कॉलेजात गेले तेव्हा शहाणी झाले. कुणी विचारलं की औसा. औसा म्हटलं की कुणाला फार तर किल्ला आठवतो. लोक "असं होय" म्हणतात आणि खिदळत राहतात. लग्न ठरताना नवऱ्याच्या घरी खरं सांगितलं होतं, त्याला सगळं माहीत होतं. पण त्यानं कधी खोदून विचारलं नाही आणि मीही कधी सांगत बसले नाही.

छावणीच्या लोखंडी फाटकाशी पोचलो तर तिथं शाळेतल्या पोरापोरींची सहल आलेली. दोघीतिघी फाटकाला टेकून फोटो काढत होत्या, दात दाखवून. नवरा करवादला. "काय बेशरम पोरं हायत! ही काय हसायची जागा हाय?"

त्यानं ते मराठीत म्हटलं होतं, पण सूर कळायला भाषा कशाला लागते. गाईड म्हणाली, "मी शाळांनाही फिरवते. पहिला अर्धा तास पोरं हसतात. घाबरलेली असतात म्हणून हसतात. मी हसू देते."

मला ती बाई तिथंच आवडली.

त्याला कारण होतं. आमच्या शेडमध्ये सुरुवातीला खूप माणसं यायची. मदत करणारी यायची आणि नुसती बघायलाही यायची. जीपा भरभरून, टेम्पो भरभरून. कुणी बिस्किटांचे पुडे द्यायचं, कुणी चादरी. एकदा कुठून तरी आलेल्या कपड्यांच्या गठ्ठ्यातून मला झालरीचा पिवळा फ्रॉक मिळाला. असला फ्रॉक मी जन्मात घातला नव्हता. तो घालून मी शेडसमोर गिरक्या घेत होते, तेवढ्यात कॅमेरावाला एक माणूस आला. "बेटा, इकडं बघ," म्हणाला. मी बघितलं आणि खुशीत हसले. तर म्हणाला, "हसू नको. हसू नको ना, बेटा." मला कळेना. फोटोत तर हसतात. त्याला हवा तसा फोटो मिळेपर्यंत मी तोंड पाडून उभी राहिले. त्या दिवसापासून कुणी बघायला आलं की मी शेडमागं जाऊन बसायची. आणि आता मी स्वतः पर्स अडकवून, कडेला बाटली लावून बघायला आले होते. सकाळपासून चिडचिड होत होती ती नवऱ्यावर नव्हतीच.

आत मोठं मोकळं मैदान होतं. इथं कैद्यांना हजेरीसाठी उभं करत, थंडीत, पावसात, तासन्‌तास, असं गाईड सांगत होती. नवऱ्याला राहवेना. तो अमेरिकन सैन्य कुठल्या बाजूनं आलं, त्यांच्याकडे कुठले रणगाडे होते, ते सांगू लागला. गाईडनं शांतपणे सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "तुम्हाला बरीच माहिती आहे. पण आज आपण रणगाड्यांच्या आधीचं बघू. रणगाडे यायच्या आधी कितीतरी वर्षं इथं रोज सकाळ होत होती." नवरा ओशाळून हसला आणि मागे झाला.

मैदानापलीकडे दोन्ही बाजूंना बराकी होत्या, म्हणजे पूर्वी होत्या. लाकडी होत्या, पाडून टाकल्या. दोनच पुन्हा बांधल्यात, लोकांना कळावं म्हणून. बाकीच्यांच्या जागी नुसते चौकोन. जमिनीवर सिमेंटची कड आणि आत बारीक खडी. एकामागं एक, पार लांबपर्यंत. मधून उंच झाडांची रांग. वारा छान सुटला होता. ऊनही कोवळं होतं. आमच्याकडे असलं ऊन पडलं तर माणसं पापड घालायला गच्चीवर जातील.

मी एका चौकोनाच्या कडेला उभी राहिले. घर गेल्यावर जमिनीवर त्याचा आकार उरतो, हे मला माहीत होतं. आमच्या गावातली घरं दगडमातीची, हातभर रुंद भिंतींची. ढिगारे उपसल्यावर खाली अशाच रेघा उरल्या होत्या. वरचं सगळं गेलं की खोली किती लहान दिसते! इतकी माणसं यात मावत होती, हे खरं वाटत नाही.

गाईड जवळ येऊन उभी राहिली.

"मी तुम्हाला खोटं सांगितलं," मी म्हणाले. "मी औशाची नाही. माझ्या गावाचं नाव किल्लारी. तिथं भूकंप झाला होता. माझी बहीण गेली त्यात."

इतकी वर्षं जे मी कॉलेजात, क्लासमध्ये कुणाला सांगितलं नव्हतं, ते एका परक्या बाईला मोडक्या इंग्रजीत सांगून मोकळी झाले. मागे नवरा उभा होता. त्याच्या बुटाखाली करकरणारी खडी एकदम गप्प झाली.

गाईड म्हणाली, "खोटं का सांगितलं?"

"नाव सांगितलं की लोक गप्प होतात."

यावर ती हसली. दुःखानं नाही, अगदी ओळखीचं हसली. "मी याच गावातली," ती म्हणाली. "या भिंतीपलीकडे जे गाव आहे ना, तिथं जन्मले, तिथंच राहते. फ्रान्समध्ये शिकायला गेले तेव्हा कुणी विचारलं की म्हणायची, म्युनिकजवळची. एकदा जेवणाच्या टेबलावर चुकून खरं नाव सांगितलं. समोर एक म्हातारे गृहस्थ बसले होते. त्यांनी काटा खाली ठेवला आणि उठून गेले. परत आलेच नाहीत."

"मग आपलं सारखंच," मी म्हणाले.

"नाही," ती लगेच म्हणाली. मास्तरीण बोलते तसं. "सारखं नाही. तुमच्या गावावर जमीन कोसळली. तिनं कुणाला निवडलं नाही. इथं माणसांनी निवडून, ठरवून, पगार घेऊन केलं. संध्याकाळी ती माणसं आमच्या गावात जेवायला घरी जात होती. माझे आजोबा त्यांना ब्रेड विकत होते. लहानपणी मी त्यांना विचारलं, तुम्हाला काहीच माहीत नव्हतं? ते म्हणाले, मी फक्त ब्रेड विकला. तुमच्या गावाला कशाचीही लाज वाटायचं कारण नाही. माझ्या गावाला आहे. म्हणून मी निवृत्त झाल्यावर हे काम घेतलं."

मला वाटलं, ती आता आणखी काही मोठं बोलेल. पण तिनं पिशवीतून पाण्याची बाटली काढली, दोन घोट प्याली आणि विचारलं, "तुमच्या गावात लोक बघायला आले तर त्यांना कोण फिरवतं?"

"कुणी नाही. आता फारसं कुणी येतही नाही."

"तुम्ही?"

"मी नव्या गावात जाते. आईबापांकडे. जुन्या जागी लहानपणापासून गेले नाही."

तिनं मान डोलावली आणि पुढं चालू लागली.

शेवटी ओढ्यापलीकडे झाडीत एक विटांची बैठी इमारत होती. तिथं प्रेतं जाळायच्या भट्ट्या आहेत, असं तिनं आधीच सांगितलं. आत जायचं की नाही ते तुम्ही ठरवा, जाणं बंधनकारक नाही, असंही म्हणाली. मी धरूनच चालले होते की नवरा पुढं होणार आणि मी बाकावर बसणार. झालं उलटंच. तो दारापर्यंत गेला, चौकटीला हात लावला आणि मागे फिरला.

"तू जा," म्हणाला. "मी तुझी पर्स धरतो."

मी गेले. आत काय होतं ते सांगण्यासारखं फार नाही. विटा आणि लोखंड. कुणीतरी ठेवलेली ताजी फुलं. माझ्या पुढं एक बाई होती, ती ओठ हलवत काही म्हणत होती, प्रार्थना असावी. मी हात जोडले. कुणासाठी, किती जणांसाठी, ते मला कळत नव्हतं. नुसती उभी राहिले. निवडून, ठरवून, पगार घेऊन, हे गाईडचे शब्द डोक्यात होते आणि समोर विटा होत्या, कुणीतरी अगदी ओळंब्यात, नीट रचलेल्या. गवंड्यानं काम चांगलं केलं होतं. मला त्याचाच सगळ्यात जास्त राग आला.

बाहेर आले तर नवरा झाडाखाली माझी लाल पर्स छातीशी धरून उभा होता. दस्तीनं डोळे पुसले होते आणि ती नीट घडी करून पुन्हा खिशात घालत होता. परतीच्या गाडीत तो एक शब्द बोलला नाही. दुसऱ्या महायुद्धाच्या बाबतीत तो इतका वेळ गप्प बसलेला मी पहिल्यांदाच बघितला.

गाईडनं स्टेशनवर निरोप घेतला. या वेळी तिनं हात दाबला नाही, गळाभेट घेतली. तिच्या पिशवीचा बंद माझ्या मंगळसूत्रात अडकला आणि तो सोडवता सोडवता आम्ही तिघंही हसलो.

हॉटेलवर आमची बस परतलेली होती. सगळ्यांच्या हातात पिशव्या. परभणीच्या एका काकूंनी विचारलं, "तुम्ही काय घेतलंत मग?" मी म्हणाले, "आमचं आज नुसतं फिरणं झालं." अत्तरं मी विमानतळावर घेतली. लई महाग पडली.

लातूरला परतल्यावर क्लासची नवी बॅच सुरू झाली आणि मी बेडकाच्या हृदयात बुडून गेले. एका रविवारी सकाळी नवरा चहा घेता घेता म्हणाला, "चल, किल्लारीला जाऊ."

"आई आठवण काढत होतीच."

"तिथं तर जाऊच. मी जुन्या किल्लारीचं म्हणायलोय. तू मला कधी नेलं न्हाईस."

"तुम्ही कधी म्हणाला नाहीत."

"मला वाटायचं, तुला नको असेल."

"मला वाटायचं, तुम्हाला काय करायचंय."

इतकी वर्षं संसार करून एवढ्याशा गोष्टीसाठी आम्हाला जर्मनीला जावं लागलं.

नवं गाव आखीव आहे. सरळ रस्ते, एकसारखी घरं. सुरुवातीला माणसं दुसऱ्याच्याच घरात शिरायची. माझ्या बापानं तर ओळख पटावी म्हणून दाराला भडक हिरवा रंग फासला होता. तो अजून तसाच आहे. आम्ही गेलो तेव्हा दादा, म्हणजे माझे वडील, ओट्यावर बसून रेडिओ पुसत होते. जुन्या गावाकडे जातोय म्हटल्यावर त्यांनी जावयाकडे बघितलं.

"काय बघायलाव तिथं? बाभळी हायत नुसत्या."

"तेच बघतो," नवरा म्हणाला.

"हिला कळणार न्हाई कुठं काय होतं ते. बारकी होती ही." दादांनी रेडिओ खाली ठेवला, टोपी घातली आणि गाडीत पुढं जाऊन बसले. आई स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. ती म्हणाली, "जेवायला या वेळेत," आणि आत गेली. आई तिकडं कधी जात नाही.

दादांचं खरं होतं. मला काही ओळखू येईना. वेड्या बाभळी माजल्या होत्या, मधून शेळ्यांच्या वाटा. दगडांच्या ओळी गवतात मधूनच दिसायच्या, मधूनच बुडायच्या. दादा मात्र बाजारातून चालावं तसे चालत होते. काठीनं दाखवत होते. हे देवळाचं जोतं. ही सुताराची गल्ली. इथं पिठाची गिरणी, तिचा पट्टा सारखा तुटायचा. नवरा एकेक विचारत होता आणि दादा उभे राहून सांगत होते. मी मागून चालत ऐकत होते.

एका ठिकाणी दादा थांबले. "हे आपलं."

चार ओळी दगडांच्या. मध्ये तरवडाचं झुडूप पिवळ्या फुलांनी भरलेलं. मी आत पाऊल टाकलं, मग पुन्हा बाहेर घेतलं. दादांनी माझा दंड धरला आणि मला आत नेलं. "ये की. घर हाय आपलं."

मग नवऱ्यानं, ज्यानं आजवर हे कधी विचारलं नव्हतं, सरळ विचारलं, "दादा, हिची बहीण कशी होती हो?"

मला वाटलं, दादा आता पाठ फिरवतील. त्यांनी काठी दगडाला टेकवली.

"लई वाभरी!" ते म्हणाले. "माझी सायकल घेऊन पळायची. पाय पुरत न्हाईत, मग कैची मारायची, दांड्याखालून पाय घालून. एकदा इथून निघाली," त्यांनी काठीनं वाट दाखवली, "अन् त्या तिथं, शेजाऱ्याच्या म्हशीच्या हौदात. सायकलसकट! म्हैस बिथरली, दावं तोडून गावभर. आम्ही सगळे म्हशीमागं, अन् ही हौदात बसून हसायली. भिजलेली, शेवाळ लागलेली. मी मारायला हात उगारला, अन् मलाच हसू आलं."

दादांनी हौदात बसलेल्या पोरीची नक्कल करून दाखवली, गुडघ्यावर हात ठेवून, मान वाकडी करून. सत्तरी ओलांडलेला माणूस. नवरा पोट धरून हसला. मीही हसले, आणि हसता हसता माझ्या बहिणीचा आवाज आठवायचा प्रयत्न करत राहिले. नाही आठवला. पण हौद आठवला. हिरवा, काठाला तडा गेलेला.

परतायला उशीर झाला. आईनं ताटं वाढून ठेवली होती, भाकरी गार झाल्या होत्या. ती रागावली होती, पण जावयासमोर बोलत नव्हती. नवरा पहिला घास घेऊन म्हणाला, "आई, दादांनी म्हशीच्या हौदाचं सांगितलं."

मी डोळ्यांनी खुणावलं, पण उशीर झाला होता. आमच्या घरात आईसमोर तो विषय कुणी काढत नसे. आई वाढता वाढता थांबली. दादा ताटात बघत राहिले.

"काय सांगितलं?" आईनं विचारलं.

"ती सायकल घेऊन हौदात पडली म्हणून."

"खोटं हाय," आई म्हणाली. "पडली न्हाई ती. ढकललं तिला."

"कुणी?" दादांनी मान वर केली. त्यांनाही हे नवं होतं.

आईनं पळी माझ्याकडं रोखली. "हिनं. सायकलवर मागं बसायचं होतं हिला. ती बसवून घेईना. मग हिनं मागून दिला धक्का अन् पळत येऊन माझ्या लुगड्यात लपली. मी सांगितलं न्हाई कुणाला. मार बसला असता हिला."

मला यातलं काही आठवत नव्हतं. नवरा माझ्याकडे बघत होता, दादा माझ्याकडे बघत होते, आणि आई, जिच्या तोंडून माझ्या बहिणीविषयी मी कित्येक वर्षांत एक शब्द ऐकला नव्हता, ती खाली बसली, पदर कमरेला खोचला आणि म्हणाली, "अन् ती काय गप्प बसली का? दुसऱ्या दिवशी हिच्या वेण्या खाटेला बांधून ठेवल्या तिनं. हे न्हाई सांगितलं वाटतं यांनी?"

"मला कुठं मालूम?" दादा म्हणाले.

"तुम्हाला काय मालूम असतंय," आई म्हणाली, आणि तिनं पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली.